शिंप्याचा सागवानी टेबल

मित्रांनो, मी एक जुना सागवानी टेबल आहे. खरं म्हणजे अर्धाच आहे, पण ते पुढे येईलच.

ज्या सागाचा मी झालो, तो डोंगरउतारावर दोन पिढ्या उभा होता. सागाला वाढायची घाई नसते. गाभ्यात तेल साठवत तो सावकाश जाड होतो, म्हणून वाळवी त्याच्या वाटेला जात नाही. तो तोडला, त्याच्या फळ्या झाल्या आणि एका शिंप्याने रुंद फळ्या निवडून मला करून घेतलं. अख्ख्या कोटाचं कापड माझ्यावर घडी न घालता पसरायचं.

शिंपी एका टोकाला कापड बेतायचा. थोरला मुलगा दुसऱ्या टोकाला इस्त्री करायचा, धाकटा खडूने आखायचा. बायको मधोमध स्टुलावर बसून काज-बटण करायची. गिऱ्हाइकं माझ्यावरून हात फिरवत म्हणायची, असं लाकूड आता मिळत नाही. मला ते आवडायचं, खोटं कशाला बोलू?

शिंपी गेला आणि दोघे भाऊ एकमेकांच्या जिवावर उठले. थोरल्याने गिऱ्हाइकासमोर धाकट्याची मापं काढली. धाकट्याने तापलेली इस्त्री थोरल्याच्या कामावर ठेवून दिली. पँट जळाली, खाली मीही. शेवटी दुकानात मधोमध प्लायवूडची भिंत घालायचं ठरलं. मी आड येत होतो. एकाने हा ठेवावा, दुसऱ्याला नवा करून देतो, असं सुतार म्हणाला. पण मी अख्खा दुसऱ्याला मिळू नये, एवढ्यावर मात्र दोघांचं एकमत झालं.

सुतार करवत घेऊन आला, तरी आई उठली नाही.

"आई, ऊठ. काम खोळंबलंय," थोरला म्हणाला.

तिने दातांनी दोरा तोडला. "मी कुठे बसायचं, ते ठरलं का?"

थोरल्याने धाकट्याकडे बोट दाखवलं. धाकटा म्हणाला, माझ्याकडे जागा नाही.

तिने सुया, दोरे पिशवीत भरले, रस्ता ओलांडला आणि समोरच्या शिंप्याच्या दुकानात शिरली. तो या घराचा जुना वैरी. त्याने तिच्यासाठी खिडकीजवळ खुर्ची सरकवली.

मग मला कापलं. सागवानाने करवतीचे दाते बोथट होतात, सुतार घामाघूम झाला. दोघे भाऊ आपापल्या बाजूला भुसा किती पडतो ते बघत उभे होते.

आता मी थोरल्याकडे आहे. दोन पाय माझे, दोन कसल्याशा हलक्या लाकडाचे. कोटाचं कापड मावत नाही, म्हणून कोटांचं काम समोर जातं. काज तर थोरल्याला धड जमतच नाहीत. एकदा तो शर्टांचा गठ्ठा घेऊन आईकडे गेला. रस्ता अरुंद आहे, मला ऐकू आलं.

"ठेवून जा," ती मान वर न करता म्हणाली. "ज्यांनी आधी दिलंय, त्यांचं आधी."

परवा माझ्या कापलेल्या कडेला हात घासून थोरल्याच्या तळव्यात कुसळ खोल घुसलं. लहानपणी अशी कुसळं आईच सुईने काढायची. तो हात धरून दारात उभा राहिला. ती समोरच्या खिडकीत सुई ओवत होती. तिने पाहिलं, दोरा ओवला आणि पुढच्या काजाला टाका घातला. भिंतीपलीकडे धाकटा हसला.

मित्रांनो, टेबल पुसा, ओल लागू देऊ नका, हे तुम्हाला कुणीही सांगेल. मी एवढंच सांगतो, करवत मागवण्याआधी टेबलाशी कोण बसलंय ते बघा. आणि कापायचंच असेल, तर कडेला निदान रंधा तरी मारा.