टॉवर ‘बी’खालची माती

रुपराव कुंभारांचं चाक बुधवारी दुपारी कायमचं थांबलं. पण ते मनावर घ्यायचं नाही. तसं काही घडलंच नाही, असं धरून चालू. आज मंगळवार आहे. बेसा गावातल्या टॉवर ‘बी’शेजारी पाण्याच्या टाकीसाठी खोल खड्डा खणलाय आणि सत्तरीचे रुपराव त्यात उतरून माती खात आहेत.

“ओ काका! काय करून राहिले तिथं?” सुपरवायझर विक्रम वरून ओरडला.

“चव पाहून राहिलो.”

विक्रमने घाबरून डब्यातली पोळी पुढे केली. “भूक लागली त सांगा ना जी. माती काहून खाता?”

रुपरावांनी पोळी घेतली नाही. तोंडातली चिमूट जिभेवर घोळवून तळहातावर काढली आणि बराच वेळ तिच्याकडे पाहत राहिले.

“आमच्याच खदानीतली हाय. माह्या बापानं खंदलेली.”

टॉवर झाला तेव्हा खदान त्याच्याखाली गेली. साठवलेली माती सहा वर्षं पुरली. मग त्यांनी कुही गावाकडून आणवली. प्रयागबाईंनी ती तुडवली, नवरा-बायकोनं भट्टीत चाळीस माठ लावले, अडतीस फुटले. उरलेले दोन इतके पक्के निघाले की त्यांत पाणी गारच होईना. एकात प्रयागबाईंनी तांदूळ भरले. दुसरा पालथा घालून रुपराव त्यावर बसून चहा पिऊ लागले.

“दोन ट्रॉल्या दे बापू. तुमाले त फेकाचीच हाय.”

“फेकाची हाय, पन द्याची नाही. हापिसात अर्ज करा. आठ दिवसांत उत्तर येते.”

“अन् काँक्रीट कदी?”

“उद्या.”

रुपरावांनी बोटांवर हिशेब केला. पुन्हा केला. उत्तर तेच आलं.

विक्रमने इकडेतिकडे पाहिलं. “एक घमेलं न्या. मी तिकडं पाहून राहिलो.” आणि तो खरंच पाठ फिरवून रिकाम्या आभाळाकडे पाहत उभा राहिला, घमेलं भरून रुपराव फाटकाबाहेर जाईपर्यंत.

घरी प्रयागबाईंनी माती रात्रभर भिजवली, सकाळी मळली.

“किती निंघन?”

“एक.”

“एकासाठी भट्टी लावते का कोनी?”

“भट्टी नाही लावत वं. हात इसरले का, तेवढं पायतो.”

हात विसरले नव्हते. पोट फुगलं, गळा आला, काठ वळला. कुंपणापलीकडे काँक्रीटचा मिक्सर घरघरत होता. रुपरावांनी दोऱ्यानं माठ कापून उचलला. रिकामं चाक फिरतच राहिलं. ते थांबवायला दोघांपैकी कुणीही हात पुढे केला नाही. प्रयागबाई पदरानं हात पुसत ते पाहत राहिल्या.

आपलं ठरलंय, म्हणून इथं फार वेळ थांबायचं नाही.

संध्याकाळी नात नंदिनी वही घेऊन बसली. रुपराव सांगत गेले, ती शाळेतल्या मराठीत लिहीत गेली. मध्येच तिचं पेन अडलं.

“आबा, असंच लिहू?”

“लिव. मांगाचंच हाय त पुरं मांगू.”

विषय : टॉवर ‘बी’ तात्पुरता बाजूला घेण्याबाबत.

महोदय, सदर इमारतीखाली अर्जदाराची तीन पिढ्यांची मातीची खदान आहे. जागा अर्जदार स्वतः येऊन पाय ठेवून दाखवील. तरी रहिवाशांची गैरसोय न होता सदर टॉवर उन्हाळ्यात पंधरा दिवसांकरिता बाजूला घेण्यात यावा. माती काढून होताच जमीन सपाट करून देण्यात येईल. कृपया उलटटपाली मंजुरी कळवावी, ही नम्र विनंती.