डोळे किलकिले करून

चित्रकारांना एक खोड असते. उजेड-सावली जोखायची असली की ते डोळे किलकिले करतात. बारकावे पुसले जातात आणि चित्राचा सांगाडा तेवढा दिसतो. वीस वर्षं कॅनव्हाससमोर काढलेल्या या बाईने कॅमेऱ्यामागेही तेच केलं, आणि तिथेच घात झाला.

माहितीपट तिच्या वडिलांवर होता. पुस्तकं बांधण्यात त्यांची हयात गेली. कंटाळा आला, एवढंच सांगून त्यांनी दुकान बंद करायचं ठरवलं, तेव्हा शेवटचे तीन दिवस तिने चित्रित करून ठेवले. कॅमेऱ्याचा आपोआप होणारा फोकस तिने पहिल्याच दिवशी बंद करून टाकला. काय बघायचं हे यंत्राने मला शिकवू नये, असा तोरा. खिडकीतून येणारा तिरका उजेड, वडिलांचा खांदा, कागदांची चळत. किलकिल्या डोळ्यांना सगळं कसं जिथल्या तिथे होतं. मध्येच एकदा त्यांनी सुईत दोरा ओवून मागितला, तेव्हा ती चिडलीसुद्धा. उजेड सरकत होता ना.

आज सकाळी संकलन करणाऱ्या मैत्रिणीचा फोन आला. चौकटी सुरेख आहेत, म्हणाली, पण तिन्ही दिवसांचं चित्रण धूसर आहे, एक टाका दिसेल तर शपथ. पुन्हा चित्रण करायची सोय उरली नव्हती. पुस्तकं दाबायचा शिकंजा विकला गेला होता, दुकानाच्या किल्ल्या नव्या मालकाकडे गेल्या होत्या. आणि चार वाजता वडील चित्रण बघायला येणार होते.

वडील म्हणजे साधं प्रकरण नव्हतं. पुठ्ठा केसभर वाकडा लागला तरी बांधलेलं पुस्तक उसवणारा माणूस. कॅमेरा बिघडला म्हणून सांगावं, की खरं बोलून मोकळं व्हावं? मैत्रिणीकडचा जिना चढताना वडिलांनी तिचा दंड घट्ट धरला, तेव्हा तर तिला रडूच येईल असं वाटलं.

मैत्रिणीने दिवा मालवला, चित्रण लावलं आणि मान खाली घालून बसली. पडद्यावर एक तपकिरी डाग हलत होता. तो वडिलांचा हात. शेजारी पांढुरका ठिपका, ते पुस्तक. वडील पुढे वाकले होते. बाईचं सगळं लक्ष त्यांच्या चेहऱ्याकडे. आता बोलतील, आता उठून जातील.

"स्वच्छ काढलंयस," ते म्हणाले. "टाका न् टाका दिसतोय."

आधी तिला वाटलं, टोमणा मारतायत. पण टोमणा मारताना त्यांची डावी भुवई वर जायची, ती जागेवरच होती. मग तिला तो दोरा आठवला. कातरीसाठी टेबलावर चाचपडणारा हात आठवला. त्याला ती सराईतपणा समजली होती आणि आवडला म्हणून तीन बाजूंनी चित्रित केला होता. तिला स्वतःची लाज वाटली.

"बाबा," तिने हळूच विचारलं, "कधीपासून?"

त्यांनी पडद्याकडचं तोंड वळवलं नाही. "दीड वर्ष झालं असेल. आईला एवढ्यात सांगू नकोस."

तिने मान हलवली. मग लक्षात आलं, आणि ती मोठ्याने म्हणाली, "नाही सांगत."