ढोल वाजला आणि मैदान रिकामे राहिले

मित्रांनो, मी एक जुना ढोल आहे. तुमच्या गणपतीतल्या ढोलाएवढा मोठा नाही. एका माणसाने पट्ट्याने खांद्यावरून अडकवावा आणि दोन काड्यांनी वाजवावा, एवढाच. ॲश नावाच्या झाडाची पातळ फळी वाफेवर वाकवून माझे अंग केले, दोन्ही तोंडांवर वासराचे कातडे ताणले आणि दोरीने आवळले. ही गोष्ट १७४१ सालची. आता १९८७ चालू आहे. अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यात एल्मफर्ड नावाचे छोटे गाव आहे, तिथे मी राहतो.

त्या काळी इथे इंग्लंडच्या राजाची वसाहत होती. गावात घंटा नव्हती, म्हणून सगळी हाक माझीच. रविवारी प्रार्थनेला, गावाच्या सभेला, कुठे आग लागली तर आणि महिन्याकाठी कवायतीला. मला वाजवणारा जोनस पेक पिंपे बनवायचा. त्याचे हात राकट होते, पण ठेका असा पक्का की गायीसुद्धा मान वर करायच्या.

आणि मी ज्यांचा होतो, ते कर्नल ओबेड थॉर्नडाइक. वडिलांबरोबर जंगल तोडत ते या खोऱ्यात आले आणि चाळिशीला येईपर्यंत दोन टेकड्या, नदीकाठची कुरणे, लाकूडकापणीची गिरणी आणि पाणचक्की त्यांच्या मालकीची झाली होती. माणूस धिप्पाड, बोलणे सावकाश. शेतातले दगड वेचायला गड्यांबरोबर स्वतः वाकायचे, पण कुंपण हातभर सरकले तर शेजाऱ्याशी वर्षभर बोलायचे नाहीत. गावातले शेतकरी मिळून जी पलटण होती, तिचे ते प्रमुख. पुढे गावाने त्यांना बॉस्टनच्या प्रतिनिधी सभेवर निवडून दिले. त्या दिवशी मी इतका वाजलो की जोनसची एक काडी मोडली.

मग १७५३ साली कर्नलांनी नदीवर नवा, उंच बांध घातला. चक्की दुप्पट वेगाने फिरू लागली. मात्र दर वसंतात समुद्रातून रुपेरी मासे अंडी घालायला नदी चढून वर जायचे, ते आता बांधाच्या फळ्यांवर आपटून तिथेच थांबू लागले. नदीच्या वरच्या अंगाला तीस घरांची वाडी होती. तिथली जमीन खडकाळ. ते मासे खारवून लोक पुढचा हिवाळा काढायचे. दोन हिवाळे त्यांचे हाल झाले. शेवटी त्यांनी प्रतिनिधी सभेकडे अर्ज केला. तिथे गावाच्या वतीने बोलायला उभे कोण राहिले? खुद्द कर्नल थॉर्नडाइक. बांध गावाच्या भल्याचा आहे, असे त्यांनी सांगितले आणि अर्ज बाजूला पडला. हे मी जोनसच्या तोंडून ऐकले. सांगताना तो माझ्याकडे बघत नव्हता.

पुढच्या मे महिन्यात कवायतीचा दिवस आला. ऊन छान पडले होते. जोनस मैदानाच्या मधोमध उभा राहून मला वाजवू लागला. एकदा, दोनदा, तीनदा. पलटणीतले बहुतेक शिपाई वरच्या वाडीचे. त्यांच्यातला एकही आला नाही. खालच्या गावातलेही मूठभरच आले आणि तेही लांब उभे राहिले. मित्रांनो, ढोलाला फाटण्याची भीती नसते एवढी ही भीती असते, की आपण वाजलो आणि कुणी आलेच नाही.

तेवढ्यात वाडीतली मर्सी टकर नावाची विधवा बाई एकटीच चालत आली. तिचे दोन मुलगे पलटणीत होते.

"कर्नलसाहेब, पोरं घरीच आहेत," ती म्हणाली. "आजारी नाहीत आणि भ्यायलेलीही नाहीत."

"मग आली का नाहीत?"

"तुम्ही हाक मारलीत की ती हातातलं काम टाकून धावतात. आम्ही हाक मारली, तेव्हा तुम्ही काय केलंत?"

शेजारचा लेफ्टनंट तावातावाने म्हणाला, "साहेब, हुकूम द्या. कायद्याने या सगळ्यांना शिक्षा होईल."

"कुणाकुणाला करू?" कर्नल म्हणाले. "आणि उद्या खरंच शत्रू आला, तर शिक्षा झालेली माणसं घेऊन लढू?"

त्यांनी जोनसला बरोबर घेतले आणि बांधाकडे निघाले. मी जोनसच्या खांद्यावरच होतो. दुपारभर ते काठावरच्या दगडावर बसून राहिले. मासे उसळत होते, फळीवर आदळत होते, मागे पडत होते आणि पुन्हा उसळत होते. कर्नल ते बघत होते. ऊन कलले तेव्हा त्यांनी चक्कीवाल्याला हाक मारली.

"मधल्या फळ्या काढ."

"साहेब, चक्की थांबेल!"

"सहा आठवडे थांबेल. पुढच्या वर्षीपासून लोक आधी दळून ठेवतील."

फळ्या निघाल्या. पाणी घोंघावत खाली आले आणि थोड्याच वेळात मासे वर जाऊ लागले. जोनस लहान पोरासारखा हसत होता. कर्नल हसले नाहीत, पण उठायलाही तयार होईनात.

त्याच वर्षी शरद ऋतूत त्यांनी सभेत स्वतः कायदा मांडला: या नदीवरचा प्रत्येक बांध दर वसंतात सहा आठवडे उघडा ठेवावा. आपल्याच विरुद्ध कायदा करणारा माणूस म्हणून काही सभासद त्यांना हसले. कायदा मंजूर झाला. पुढच्या कवायतीला मैदानात उभे राहायला जागा नव्हती. कर्नलांनी माफी मागितली नाही, तो त्यांचा स्वभावच नव्हता. त्यांनी फक्त वाडीच्या रांगेपुढे टोपी काढली.

ते म्हातारपणी वारले, तेव्हा मला काळे कापड गुंडाळून हळू वाजवले. पुढे गावात घंटा आली आणि माझे काम संपले. मी माळ्यावर गेलो. उंदरांनी एका बाजूचे कातडे कुरतडले, मग कुणी माझ्यात लोकरीचे गोळे ठेवले. अखेर नगरभवनाच्या वरच्या मजल्यावरच्या संग्रहालयात मला काचेआड ठेवले. खाली कार्ड होते: 'कर्नलचा ढोल. हात लावू नये.' ते कार्ड सगळ्यांनी फार मनापासून पाळले.

मग १९८५ साली शरयू आली. पुण्याहून इंजिनिअर होऊन आलेली, इथल्या विद्यापीठात नद्यांवर संशोधन करणारी मुलगी. जुना कायदा कधीच विस्मरणात गेला होता आणि पुढच्या गिरणीमालकांनी बांध काँक्रीटचा करून कायमचा बंद केला होता. त्याच्या कडेने माशांसाठी पायऱ्यापायऱ्यांची वाट बांधावी, असा आराखडा शरयूच्या गटाने केला होता. गावसभेत त्यावर मतदान व्हायचे होते. पण हॉलिस नावाचे वजनदार आजोबा सगळ्यांना सांगत होते, "बांध कर्नल थॉर्नडाइकचा आहे. पहिल्यापासून बंदच आहे. इतिहासाला हात लावू नका."

शरयू चार शनिवार माझ्या शेजारच्या टेबलावर जुनी इतिवृत्ते वाचत बसली. तिचा मित्र शैलेंद्र तिला गाडीतून सोडायचा आणि खुर्चीत पेंगायचा.

"शैलेंद्र, ऊठ! हे बघ, यार!" चौथ्या शनिवारी ती ओरडलीच. "कर्नलने बांध स्वतःच ओपन केला होता. कायदाही त्यानेच आणला!"

"मग मीटिंगमध्ये प्रेझेंट कर ना."

"माझं ऐकतील? मला इथे येऊन जेमतेम वर्ष झालंय."

"तू वाचून दाखव. शब्द तर त्यांच्याच कर्नलचे आहेत."

सभा खालच्याच दालनात होती. लाकडी जमिनीतून मला सगळे ऐकू येत होते. शरयूने जुन्या इतिवृत्तातला कर्नलांचा कायदा शब्द न गाळता वाचून दाखवला. तिचे वाचून झाल्यावर हॉलिस आजोबांनी कागद मागून घेतला आणि चष्मा लावून पुन्हा पहिल्यापासून वाचला.

"मी चुकीचं सांगत होतो," ते म्हणाले आणि सर्वांत आधी त्यांनीच हात वर केला. अकरा मतांच्या फरकाने ठराव पास झाला.

वाट बांधून झाली. या वसंतात उद्‌घाटनासाठी गावाने माझे फाटलेले कातडेही बदलून घेतले. त्या दिवशी शरयूच्या ओळखीची मराठी कुटुंबे बॉस्टनहून आली होती. त्यांतल्या सुनेत्राकाकूंची मुलगी दीपा शाळेच्या बँडमध्ये ड्रम वाजवते. ती माझ्याकडे बघून म्हणाली, "शरयूमावशी, मी ट्राय करू? आय प्रॉमिस, हळू वाजवीन."

हळू कसले! पहिला मासा वर चढला आणि तिने असा ठेका धरला की हॉलिस आजोबा काठी आपटून ताल देऊ लागले. माझे लाकूड अंगभर थरारले.

वाजवून झाल्यावर, माझे कातडे बदलणाऱ्या कारागिराने तिला शिकवले, की काम संपले की ढोलाची दोरी सैल करायची. ताणलेलीच ठेवली तर कातडे फाटते आणि कायमची सैल ठेवली तर आवाज जातो. मित्रांनो, माझे मागणेही एवढेच आहे. जुनी वस्तू काचेत ठेवली म्हणजे ती सांभाळली, असे समजू नका. तिच्या शेजारचे कागद वाचा, तिने कुणाकुणाला हाक मारली ते विचारा, तिला जपून हातात घ्या.

दीपाने माझ्या दोरीचा एकेक पेच सैल केला. बोटे दुखली तरी एकही राहू दिला नाही. पुढच्या शनिवारी ती बँडमधल्या मैत्रिणींना घेऊन येणार आहे. तोवर मी निवांत पडून आहे.