खिशात राहिलेला दिवस

मित्रांनो, मी एक जुनी दिवसपाटी आहे. एका फुटक्या होडीच्या फळीतून सुताराने मला घडवलं. त्यामुळे पाण्याचा धाक मला जन्मापासून आहे.

आमच्या आकाशात दोन चंद्र आहेत, थोरला आणि धाकटा. सख्खे भाऊ असून त्यांचं जमत नाही. एक आला की दुसरा निघालाच. त्यांचा मेळ बसवायला जुन्या लोकांनी नऊ दिवसांचा एक फेरा आणि चाळीस फेऱ्यांचं वर्ष ठरवलं. सुताराने माझ्या अंगाला तीनशे साठ भोकं पाडली. रोज सकाळी मला सांभाळणाऱ्या पाटीवालीने खुंटी एक भोक पुढे सरकवायची. मग घंटावाले काका फेऱ्यातला कितवा दिवस ते बघून तितके टोल देणार.

दर चार फेऱ्यांनंतर मात्र एक दिवस उरायचा. त्याला ना नाव, ना भोक. त्या निनावी दिवशी पाटीवाली खुंटी काढून खिशात ठेवी. घंटा गप्प, दुकानं बंद. खुंटी नाही तोवर दिवस नाही, असा गावाचा नियमच होता. निनावी दिवसानंतर सहाव्या दिवशी मात्र दोन्ही चंद्र एकत्र येत आणि समोरच्या बेटाकडे जाणारी वाळूची वाट पाण्याखाली जाई. त्या सकाळी सहा टोल पडले की वाटेवर कोणी पाऊल ठेवत नसे.

माझी पाटीवाली कामाला चोख होती. सणकाडीने माझं एकेक भोक साफ करायची, तेल चोळायची. लोक माझं कौतुक करायचे आणि मीही फुगून जायचे.

एका निनावी दिवशी ती तापाने फणफणली. तिची लेक सुईण. आईच्या उशाशी औषधाच्या सहा पुड्या ठेवून, रोज तीन घे म्हणून बजावून ती बेटावर गेली. बाळंतपणाला कुठला आलाय निनावी दिवस! पाटीवाली शेजारणीच्या हातून पुड्या घेत पडून राहिली, खुंटी खिशात घेऊन. एक दिवस गेला. दुसराही गेला. मी रिकामीच. गावकरी यायचे, माझ्याकडे बघायचे आणि सुट्टी लांबली म्हणून खुशीत घरी जायचे. मला सगळं कळत होतं, पण लाकडाला तोंड कुठून असणार?

तिसऱ्या सकाळी ती उठली, एकच रात्र गेली असं समजून खुंटी नव्या फेऱ्याच्या पहिल्या भोकात बसवली आणि कामाला लागली. बेटावर लेकीला अडलेल्या बाळंतिणीपुढे दिवसरात्रीचं भान नव्हतं. तीही टोलांवरच विसंबून होती.

पाचव्या दिवसाची खुंटी बसवायच्या सकाळी पाटीवालीने अंथरूण झटकलं. पुड्यांचे कागद खाली पडले. तिने ते मोजले. सहा. पुन्हा मोजले, तरी सहाच. म्हणजे एक नाही, दोन दिवस गेले होते.

ती धावत माझ्यापाशी आली. खुंटी काढली आणि तिचा हात हवेतच थांबला. पाचव्या भोकात घातली तर चूक झाकली जाणार होती. पण पाच टोल ऐकून लेक निश्चिंत मनाने वाळूवर उतरली असती. सहाव्यात घातली तर तीन पिढ्या पाटी सांभाळणाऱ्या तिच्या घराण्याचं नाव मातीत मिळणार होतं. तेवढ्यात घंटावाले काका आले. त्यांच्यामागे पाव भाजणारा भट्टीवाला आणि चार माणसं होती.

तिने सगळ्यांदेखत खुंटी सहाव्या भोकात बसवली.

काका कडाडले नाहीत, पण त्यांचा आवाज कोरडा होता. "काल चार होते. खुंटी उडी मारत नाही, पोरी."

"काका, मी चुकले. एक दिवस माझ्या खिशात राहिला. आज सहावा आहे, आणि माझी लेक तिकडे पाच टोलांची वाट बघत असेल."

भट्टीवाला खाली बघत पुटपुटला, की सुट्टीआधी भिजवलेलं त्याचं पीठ दुसऱ्या दिवशी आंबलं होतं, तेव्हाच त्याला शंका आली होती.

"दोन रात्री मीही मोजल्या होत्या," काका म्हणाले. "पाटीपुढे आपण कोण बोलणार, म्हणून गप्प बसलो."

आणि ते म्हातारे काका जिना चढताना पळाले.

एक. दोन. तीन. चार. पाच. मध्ये जरा थांबले. त्यांना दम लागला असावा. पलीकडच्या काठावर एक ठिपका वाळूवर उतरला होता. सहावा टोल पडला. ठिपका थबकला, मागे वळला. दुपारच्या आत वाटेवर दोन पुरुष खोल पाणी होतं.

पाटीवालीचं काम कोणी काढून घेतलं नाही. सगळेच अपराधी, बोट कोण कोणाकडे दाखवणार? सुताराला बोलावून निनावी दिवसांसाठी माझ्या काठाला एक नवं भोक पाडलं. दुखलं, पण ते मी आनंदाने सोसलं.

आता गावात छापील तक्ते आले आहेत. पाटीवाली गेली, मी लेकीच्या माळ्यावर धूळ खात पडले आहे, माझ्या भोकांत किडे राहतात आणि खुंटी कुठे हरवली कोण जाणे. मित्रांनो, तुम्हाला ती सापडली तर आणून द्या, जमलं तर दोन थेंब तेलही लावा. पण खुंटी बसवण्याआधी एकदा खिडकीतून पाण्याकडे बघा. आणि मी चुकत असेन, तर गप्प बसू नका.