कादंबरीत नसलेलं पान

संपादकाने फोनवर फक्त पृष्ठक्रमांक मागितला आणि प्राध्यापकबाईंच्या तोंडचं पाणी पळालं.

अमेरिकन कादंबऱ्यांचे सिनेमे होताना काय गळतं नि काय घुसतं, यात बाईंची हयात गेली होती. नव्या पुस्तकातलं शेवटचं प्रकरण म्हणजे त्यांचा हुकमी एक्का. कादंबरीत खाणकामगार बाप शेवटी मुलीकडे परत येतो, दारातूनच तिला हाक मारतो. सिनेमावाल्यांनी तेवढंच कापलं. वर्गात बाई त्यांना असं फैलावर घेत की मागच्या बाकांनाही जाग येई.

आणि आता ते पान सापडेना. बाईंनी आधी आवृत्तीला दोष दिला, मग दुसरी आवृत्ती काढली. तिच्यातही बाप खाणीकडे गेला तो गेलाच. शेवट तोंडपाठ आहे म्हणून त्यांनी तो पुन्हा कधी उघडलाच नव्हता. पाठ असलेलं कोण उघडून बघतं? पण हा प्रसंग काढावा लागला तर प्रकरणाचा डोलाराच कोसळणार होता, आणि छपाई तर तोंडावर आलेली.

बाई वडिलांच्या खोलीत गेल्या. ते जन्मभर थिएटरात डोअरकीपर होते. कामावरून आले की लेकीला सिनेमाची गोष्ट सांगत; ही गोष्टही बाईंना आधी त्यांच्याच तोंडून कळली होती.

"बाबा, तो खाणीतला माणूस शेवटी घरी येतो ना?"

"कुठला येतोय! मरतो तो." बाबांनी चष्मा पुसला. "मीच आणला त्याला परत."

"म्हणजे?"

"तुझी आई नुकतीच गेली होती. तू मांडीवर बसून विचारलंस, त्या मुलीचे बाबा येतील ना? आता तुला काय सांगणार होतो मी, कपाळ?" मग ते जरा चाचरले. "का गं? काही घोळ झाला का?"

"झाला थोडा," बाई म्हणाल्या. तिथेच बाबांच्या पलंगावर बसून त्यांनी संपादकाला फोन लावला.

"शेवटचं प्रकरण काढून टाका. तो प्रसंग कादंबरीत नाहीये."

"अहो बाई, अख्ख्या पुस्तकात तोच तर सगळ्यात जमलाय!" संपादक कळवळला.

"जमणारच," बाई बाबांकडे बघत म्हणाल्या.