लाकडी छातीचं जाकीट

मी एक जुनं बुलेटप्रूफ जाकीट आहे, मित्रांनो. आणि लपवून काय उपयोग, आधीच सांगून टाकतो, मी पहिल्यापासून भित्रा आहे. मघाशी तुम्ही रांगेनं हे शस्त्रागार बघायला आलात. बंदुकांपुढे थांबलात, ढाली वाजवून पाहिल्यात आणि माझ्यापुढून नुसते निघून गेलात. बरंच झालं म्हणा. कुणी जवळ आलं की अजूनही माझ्या शिवणी आखडतात. पण तुमच्यातल्या एका मुलीनं विचारलं, "याला कधी गोळी लागली होती का?" तिला कुणी उत्तर दिलं नाही. म्हणून मी सांगतो आहे.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. चिवट धाग्याच्या कापडाचे थर एकावर एक रचून, कडा शिवून मला तयार केलं. मग तपासणी आली. माझ्याच ताग्यातून कापलेल्या माझ्या पाठच्या भावाला भिंतीवर टांगलं आणि त्याच्यावर धडाधड गोळ्या झाडल्या. टेबलावर पडल्या पडल्या मी सगळं ऐकलं. "पास!" असं तपासनीस आनंदानं म्हणाला. पास झाला म्हणजे काय, तर माझा भाऊ कामातून गेला आणि त्याच्या जिवावर आम्ही बाकीचे विकायला मोकळे झालो. तेव्हा जी धडकी भरली ती आजतागायत गेलेली नाही.

एक गोष्ट समजून घ्या, म्हणजे पुढचं कळेल. माझे थर पिस्तुलाची गोळी अडवतात. लांब बंदुकीची गोळी मात्र त्यांच्या आवाक्याबाहेरची असते. तिच्यासाठी माझ्या छातीवर एक मोठा खिसा आहे आणि त्यात भट्टीत भाजलेली टणक, जड प्लेट बसवतात. ती प्लेट नसेल तर त्या गोळीपुढे मी म्हणजे थंडीत बरा पडणारा कपडा.

मी ज्यांच्या अंगावर आयुष्य काढलं त्या मॅडम तेव्हा नुकत्याच फौजदार झाल्या होत्या. मला शिवलं होतं आडव्या बांध्याच्या पुरुषांसाठी, आणि मॅडम काटकुळ्या. कोठीवाला म्हणाला, "मॅडम, एवढंच शिल्लक आहे. जरा सांभाळून घ्या."

"मी घेईन हो सांभाळून," मॅडम म्हणाल्या, "पण गोळी घेईल का?"

शेवटी त्यांनीच एका चांभाराकडून माझे पट्टे आखूड करून घेतले. मग काय, दगडफेक असो, जाळपोळ असो, सगळ्यांत पुढे मॅडम आणि मॅडमच्या पुढे मी. त्यांची एक वेगळीच तऱ्हा होती. पेटलेल्या गल्लीत शिरल्या की सरळ एखाद्या घराचं दार वाजवायच्या आणि प्यायला पाणी मागायच्या. "ज्याच्या हातचं पाणी प्यालो, तो लगेच आपल्यावर हात उचलत नाही," असं त्यांचं म्हणणं. शिपाई मागून खुसखुसायचे, "आमच्या मॅडमना तहान फार!" पण ही युक्ती लागू पडायची. मी मात्र प्रत्येक दाराशी जीव मुठीत धरून उभा असायचो.

असं करत करत मॅडम अधीक्षक झाल्या, केस पांढरे झाले आणि त्यांची शांतिसेनेत निवड झाली. लढाईनं खिळखिळ्या झालेल्या एका परक्या देशात पोलिसांची तुकडी घेऊन जायचं होतं. त्यांच्या आईला हे अजिबात पसंत नव्हतं. बॅग भरताना म्हातारी माझ्याकडे वळली आणि माझ्या छातीवर बोट आपटून म्हणाली, "हिला काही झालं ना, तर तुझी गाठ माझ्याशी आहे."

"आई, जाकिटाशी काय बोलतेस?"

"तू ऐकत नाहीस. मग बोलू कुणाशी?"

तिथं छावणीत तंबू होते, पत्र्याच्या खोल्या होत्या आणि धूळ होती. मॅडमची तुकडी गस्त घालायची, तिथल्या पोलिसांना तक्रार कशी नोंदवायची ते शिकवायची, पाण्याच्या रांगेत बायकांना कुणी त्रास देत नाही ना ते बघायची. आम्हा सगळ्या जाकिटांची निगा एका हवालदारांकडे होती. सगळे त्यांना दादा म्हणत. माणूस लाखात एक, पण स्वच्छतेचं भारी वेड. मोठे साहेब पाहणीला येणार असं कळलं आणि दादांनी आम्हाला सगळ्यांना धुवायला काढलं. प्लेटा काढून साबणाच्या पाण्यानं पुसल्या आणि उन्हात मांडल्या.

घात झाला तो इथंच. सरावात पडून-आपटून खरी प्लेट तडकते, म्हणून सरावासाठी लाकडाच्या प्लेटा असतात. त्याच मापाच्या, वरून तसंच काळं कापड, आत लोखंडी पट्ट्या घालून वजनही तेवढंच. ओळखू याव्यात म्हणून त्यांना पिवळी पट्टी चिकटवलेली असते. त्याही दादांनी धुवून शेजारीच मांडल्या होत्या. साबणानं एका लाकडी प्लेटेची पट्टी निघून गेली, आणि दादांनी ती माझ्या खिशात सरकवून दिली.

मला लगेच कळलं. आपल्या दातांच्या जागी दुसऱ्याची कवळी बसवावी तसं वाटलं. अहो दादा, ही माझी नाही! असं मी मनातल्या मनात कितीतरी वेळा ओरडलो. पण जाकिटाला तोंड आहे का? दादांनी मला छान झटकलं आणि खुंटीला अडकवलं.

पाहणी बाजूलाच राहिली. सकाळीच वायरलेसवर बातमी आली. छावणीच्या दवाखान्यातल्या नर्सबाईंना हत्यारबंद लोकांनी नाक्यावर अडवून ठेवलं होतं. त्यांनी विरुद्ध बाजूच्या जखमींना पट्ट्या बांधल्या, हा त्यांचा गुन्हा. मॅडमनी मला अंगावर चढवलं, पट्टे आवळले आणि गाडी काढायला लावली. सोबत एक दुभाषी होता. तो पूर्वी शाळेत शिकवायचा. वाटेत खड्डा आला की ती लाकडी फळी माझ्या खिशात हलायची आणि माझं पाणी पाणी व्हायचं. मॅडम निर्धास्त होत्या. त्या माझ्या भरवशावर निघाल्या होत्या, हेच मला सहन होत नव्हतं.

नाक्यावर एक बस आडवी पाडून रस्ता अडवला होता. नर्सबाई टायरला टेकून बसल्या होत्या, ओठ सुकलेले. त्या लोकांचा म्होरक्या डोळ्यांवर काळा गॉगल चढवून उभा होता, हातात लांब बंदूक. बोलणी करायला जाताना हत्यार न्यायचं नाही असा शांतिसेनेचा नियम. मॅडमनी पिस्तूल गाडीत ठेवलं, हात मोकळे दिसतील असे धरले आणि चालू लागल्या.

गॉगलवाल्यानं त्यांना अगदी जवळ येऊ दिलं. मग बंदुकीची नळी माझ्या छातीवर ठोकली. ठक!

त्यानं भुवया उंचावल्या. पुन्हा ठोकली. ठक, ठक! ज्यानं हयात बंदुकांत काढली त्याला लाकडाचा आवाज कळणार नाही का? तो काहीतरी बोलला आणि त्याची माणसं खदाखदा हसली. दुभाष्याचा चेहरा पांढराफटक पडला.

"काय म्हणतोय?" मॅडमनी विचारलं.

"मॅडम... तो म्हणतोय, तुम्ही लाकूड घालून आलात."

मॅडमनी खिशाचं झाकण उचललं. प्लेटेवरच्या कापडाची कड जरा फाटली होती आणि आतून लाकडाच्या रेषा दिसत होत्या. मित्रांनो, इतकी वर्षं मी त्यांच्या काळजाला चिकटून राहिलो होतो, पण ते असं उडताना मी कधी ऐकलं नव्हतं. नळी अजून माझ्यावर टेकलेलीच होती. आता हा माणूस घोडा दाबणार, गोळी लाकडातून, माझ्यातून आरपार जाणार आणि मी काही म्हणता काही करू शकणार नाही. मी गर्भगळीत झालो.

मॅडमनी बोलायला तोंड उघडलं, पण आवाजच फुटेना. आयुष्यभर त्यांनी युक्ती म्हणून पाणी मागितलं होतं. त्या दिवशी त्यांच्या घशाला खरंच कोरड पडली.

"त्याला सांग," त्या कशाबशा म्हणाल्या, "मला हे आत्ताच कळलं. सांग, मी घाबरले आहे. मला पाणी मिळेल का?"

"मॅडम, घाबरलात असं सांगू?"

"जसंच्या तसं सांग."

दुभाष्यानं सांगितलं. हसणं हळूहळू थांबलं.  मग गॉगलवाल्यानं नळी खाली केली, कमरेची बाटली काढली आणि पुढे केली. मॅडम इतक्या घाईनं प्याल्या की निम्मं पाणी माझ्यावरच सांडलं. त्यांच्याकडे बघता बघता त्यानं घाम पुसायला गॉगल काढला. त्याचा एक डोळा सुजून लालभडक झाला होता, नुसता चिकटला होता.

टायरपाशी बसलेल्या नर्सबाई त्याच्याच भाषेत ओरडल्या आणि दुभाष्यानं आम्हाला अर्थ सांगितला. "अरे, तो डोळा आज धुतला नाहीस तर जाईल! बस खाली!"

आणि काय सांगू, तो बसला. हातातली बंदूक दुसऱ्याकडे देऊन एवढा मोठा माणूस मुकाट्यानं मातीत बसला. नर्सबाईंनी उरलेल्या पाण्यानं त्याचा डोळा धुतला, पिशवीतलं मलम लावलं आणि रोज दवाखान्यात येऊन डोळा दाखवायचा असं दरडावून सांगितलं. त्यांनी शत्रूला पट्टी का बांधली असेल, हे मग त्याला वेगळं समजावून सांगावं लागलं नाही. तो उठला आणि त्यानं हातानंच आम्हाला जायची खूण केली.

परतीच्या वाटेवर मॅडमना दोनदा उलटी झाली. छावणीत दादांनी माझा खिसा उघडला आणि मटकन खालीच बसले. "मॅडम, मला निलंबित करा. माझ्या हातून तुमचा जीव..."

"तुम्हाला निलंबित करून लाकडाचं काय होणार आहे, दादा?" मॅडम त्यांच्या शेजारी जमिनीवर टेकल्या. "मीही न बघताच घातलं की. उद्यापासून निघताना प्रत्येकानं शेजाऱ्याची प्लेट ठोकून बघायची. स्वतःची नाही, शेजाऱ्याची. स्वतःचं सगळं ठीकच आहे असं वाटतं माणसाला." मग हळूच म्हणाल्या, "माझे पाय अजून थरथरतायत हो." आणि दादांच्या खांद्याला डोकं टेकून रडल्या.

मायदेशी परतल्यावर सत्कार झाले, भाषणं झाली. एका पाहुण्यांनी तर मला व्यासपीठावर उंच धरून सांगितलं की याच जाकिटानं मॅडमचं रक्षण केलं. टाळ्यांचा कडकडाट झाला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मॅडम भाषणाला उठल्या तेव्हा त्यांनी खरं काय ते सांगितलं, पण तोवर फोटो काढून झाले होते आणि छापून आलं ते पाहुण्यांचंच.

तर विचारणाऱ्या मुली, नाही. मला कधीच गोळी लागली नाही. त्या दिवशीही मी काही केलं नाही.

आता मॅडम निवृत्त झाल्या आहेत, दादाही गेले आपल्या गावी. आम्हा जाकिटांनाही वय असतं, मित्रांनो. घामानं, उन्हानं, घड्यांनी आतले थर विरतात. माझी मुदत लिहिलेली चिठ्ठी धुवून धुवून कोरी झाली आहे. प्लेट तर कधीच दुसऱ्या कुणाच्या जाकिटात गेली. नवा कोठीवाला वाईट नाही, पण जाकिटं कमी आणि माणसं जास्त, असा त्याचा रोजचा कटकटीचा प्रश्न. काल त्यानं मला धुतलं, बिल्ला रंगवला. वरून मी अगदी नवाकोरा दिसतो. म्हणून त्यानं मला या कोपऱ्यातून काढून उद्याच्या बंदोबस्ताच्या खुंटीवर टांगायचं ठरवलं आहे.

नव्यानं भरती झालेली एक फौजदार सकाळी येऊन मला घालून बघून गेली. आरशात पाहून तिनं खांदे ताठ केले. तिच्या चेहऱ्यावरची भीती क्षणात पळाली, आणि ती सगळी माझ्यात शिरली. नाक्यावरच्या माणसानं पाणी दिलं. दर वेळी समोरचा माणूस पाणी देईलच असं नाही.

तुम्हाला तोंड आहे. बाहेर दारात ती उभी आहे, तुम्हाला टाटा करायला. माझ्यासाठी एवढं करा. जाताना तिला थांबवा आणि सांगा, "ताई, ते जाकीट घालू नका. ते आतून संपलंय."