शेवटी पुसलेला हात

मित्रांनो, मी टॉवेल आहे. जुना म्हणालात तर चालेल, विटका म्हणालात तरी चालेल. फडकं मात्र म्हणू नका. सध्या माझ्याकडून फडक्याचंच काम करून घेतात, ही गोष्ट वेगळी. एका फुटबॉल क्लबच्या सामानाच्या खोलीत, बॉलमध्ये हवा भरायच्या पंपाच्या दांड्यावर मी पडून असतो. खोलीत कुबट वास येतो ना, तो माझाच. माफ करा. ऊन बघून फार दिवस झाले.

पण एके काळी मी गोलाच्या जाळीला लटकायचो आणि भरलेलं मैदान माझ्याकडे बघायचं. म्हणजे बघायचं माझ्या मालकाकडे. मी आपला मधे यायचो.

माझा जन्म कात्रीने झाला. त्याआधी मी अंघोळीच्या एका मोठ्या पांढऱ्या टॉवेलचा अर्धा भाग होतो. माझ्या मालकाची ताई कपडे दुरुस्त करायच्या दुकानात मशीनवर बसायची. धाकट्या भावाला मोठ्या क्लबने गोलकीपर म्हणून घेतलं, त्या दिवशी तिने घरातला एकुलता एक नवा टॉवेल काढला आणि कर्रकन मधोमध कापला.

"अगं, चांगला होता की टॉवेल!" आई ओरडली.

"आता दोन चांगले आहेत," ताई म्हणाली.

कापलेली कड दुमडून तिने दुहेरी शिलाई मारली आणि एका कोपऱ्याला जाड नाडीचं अडकवण लावलं. शिवता शिवता भावाची चौकशी चालूच होती.

"गोलकीपरला टॉवेल लागतो कशाला?"

"हातमोजे पुसायला. चिखल लागला की बॉल निसटतो."

"सगळे ऊर फुटेस्तोवर पळणार आणि तू एकटा उभा. वर हात पुसणार! पगार कशाचा देतात रे तुला?"

"उभं राहण्याचाच."

"मग नीट ताठ उभा राहा. पोक काढून उभा दिसलास तर घरात घेणार नाही."

असा मी हसण्याखिदळण्यात जन्मलो. पुढे काय वाढून ठेवलंय याची तेव्हा कल्पना नव्हती.

सुरुवातीला मी नुसता बॅगेत पडून होतो, कारण माझा मालक क्लबचा तिसरा गोलकीपर होता. तिसरा गोलकीपर म्हणजे घरातली जादाची गादी. पाहुणे आले तरच उलगडायची. पहिल्याचं बोट मोडलं, दुसऱ्याला ताप भरला, आणि मग एके दिवशी मी बॅगेतून बाहेर आलो. त्याने माझं एक टोक बाटलीतल्या पाण्याने भिजवलं, एक कोरडं ठेवलं आणि मला जाळीच्या डाव्या कोपऱ्याला अडकवलं. ओल्या टोकाने मोजे पुसायचे, कोरड्याने टिपायचे, ही आमची पद्धत तेव्हापासूनची.

गोलकीपरांना शिकवायला क्लबात वेगळा माणूस असतो. आमच्या त्या माणसाला सगळे मास्तर म्हणत. ते स्वतः जुने गोलकीपर. बोटं इतक्यांदा मोडलेली, की त्यांनी हाताने रस्ता दाखवला तर पाच माणसं पाच दिशांना जातील. गालात कायम पेपरमिंटची गोळी. माझ्या मालकाचं 'चिकट्या' हे नाव त्यांनीच ठेवलं. "बॉल हाताला चिकटतो लेकाच्या," असं ते ज्याला त्याला सांगत फिरायचे, जणू डिंक त्यांनीच लावला होता.

आणि खरं सांगायचं तर लावलाही होता. चिकट्याला त्यांनीच घडवलं. झेप घेताना कोणत्या खांद्यावर पडायचं, गर्दीत ओरडायचं कसं, गोल बसल्यावर मान खाली का घालायची नाही, सगळं. पेनल्टीच्या वेळची युक्तीही त्यांचीच.

"हे बघ, मारणाऱ्याला घाई असते," मास्तर म्हणाले. "तू घाई करू नकोस. जाळीपाशी जा. टॉवेल घे. हात पूस. पाहुण्यांसमोर जेवायला बसायचंय असा निगुतीने पूस. तोवर त्याच्या पोटात गोळा येतोच."

"आणि पंच ओरडले तर?"

"ओरडू दे. त्यांना शिट्टी दिलीय, तुला टॉवेल दिलाय."

मित्रांनो, ही युक्ती अशी लागू पडली की काय सांगू! चिकट्या सावकाश माझ्याकडे यायचा, एक हात पुसायचा, मग दुसरा, आणि वळायचा. तोवर समोरचा नुसता चुळबुळत असायचा. पेनल्टी अडवणारा गोलकीपर म्हणून चिकट्याचं नाव झालं. देशाच्या संघाचं बोलावणं आलं. रेडिओवर सामन्याचं वर्णन करणारा म्हणायचा, "आणि हा निघाला टॉवेलकडे!" की लोक टाळ्या वाजवायचे. वर्तमानपत्रात फोटो आला, त्यात कोपऱ्यात मीही होतो. ताईने तो दुकानातल्या आरशाला चिकटवला आणि गिऱ्हाइकांना भावाआधी मला दाखवला. "शिलाई बघा," म्हणायची.

एक गोष्ट मात्र मलाच कळलेली होती. ज्या बाजूला झेप घ्यायची असं चिकट्याचं मनात ठरलेलं असे, तो हात तो शेवटी पुसायचा. उजवा हात शेवटी आला की उजवीकडे उडी, डावा आला की डावीकडे. त्याला स्वतःला याचा पत्ता नव्हता. आपण घराबाहेर पडताना कोणता पाय आधी टाकतो ते कुठे माहीत असतं आपल्याला? मला वाटायचं, हे आम्हा दोघांतलंच आहे. सरावाला मास्तर जाळीमागे उभे असायचे, गोळी चघळत, डोळे बारीक करून. पण ते तर आपलेच. त्यांच्यापासून कोण लपवतो?

बरीच वर्षं अशी गेली. मग मास्तरांना दुसऱ्या क्लबने बोलावलं. निरोपाच्या दिवशी कपडे बदलायच्या खोलीत ते चिकट्याच्या गळ्यात पडून रडले.

"मुलासारखा आहेस रे मला," म्हणाले, आणि डोळे पुसायला हाताशी काही नव्हतं म्हणून मलाच घेतलं. खारट पाणी मी पुष्कळ प्यालो आहे. ते पाणी खोटं नव्हतं, हे मी आजही शपथेवर सांगेन. म्हणूनच जास्त लागतं.

चिकट्याचं वय होत चाललं होतं. सकाळी जिना उतरताना गुडघे आधी बोलायचे, मग तो. एवढं नाव होऊन त्याच्या हाती कप मात्र एकही लागला नव्हता. दोनदा फायनलला जाऊन हरला होता. तिसऱ्यांदा संघ फायनलला पोचला तेव्हा क्लबच्या साहेबांनी त्याला केबिनमध्ये बोलावून स्पष्ट सांगितलं, "जिंकलास तर पुढच्या मोसमातही गोल तुझा. नाहीतर नव्या माणसाला संधी द्यावी लागेल." ही फायनल होती मास्तरांच्या नव्या क्लबविरुद्ध.

पूर्ण वेळ संपला, जादा वेळ संपला, बरोबरी सुटेना. फैसला पेनल्टीवर आला. चिकट्याच्या चेहऱ्यावर चक्क हसू होतं. हे तर त्याचं घरचं अंगण!

पहिला मारणारा आला. चिकट्या माझ्याकडे आला, डावा हात पुसला, मग उजवा. वळला, आणि उजवीकडे झेपावला. बॉल डावीकडून आत. होतं असं कधीकधी. दुसरा आला. आता डावा हात शेवटी. झेप डावीकडे, बॉल उजवीकडून आत. तिसऱ्याच्या वेळी माझं लक्ष गेलं. मारणारा बॉलकडे बघत नव्हता, चिकट्याकडेही बघत नव्हता. तो माझ्याकडे बघत होता.

मित्रांनो, टॉवेलला तोंड नसतं. फार तर खाली पडता येतं, तेही वारा असेल तर. त्या दिवशी वारा नव्हता. एकेक जण आला, मला निरखून गेला आणि विरुद्ध बाजूला बॉल ठेवून गेला. चिकट्याने एकही अडवला नाही. कप तिकडे गेला.

आत जाताना बोळात त्यांचा लांब केसांचा फॉरवर्ड भेटला. मनाने चांगला असावा, कारण त्याला गप्प राहवेना.

"दादा, राग नका मानू. पण तुमचा तो टॉवेल... जो हात शेवटी पुसता ना, त्याच बाजूला जाता तुम्ही. आठवडाभर आम्हाला तेवढंच दाखवलंय."

"कोणी?"

त्याने मान खाली घातली. तेवढ्यावरून कळलं.

मास्तर बसच्या पायरीवर बसून बुटाची नाडी सोडत होते. चिकट्या मला खांद्यावर टाकून समोर उभा राहिला.

"कधीपासून माहीत होतं, मास्तर?"

मास्तरांनी वर बघितलं नाही. "पहिल्या मोसमापासून."

"मग मला का नाही सांगितलंत?"

"अरे, सांगितलं असतं तर तू आपल्याच हातांकडे बघत बसला असतास. बिचकला असतास. बाकी कुणाच्या ध्यानात येत नव्हतं, अडत कुठे होतं?"

"आणि त्यांना सांगितलंत."

"आता त्यांचं मीठ खातोय, लेका. माझं कामच आहे ते."

"काम करा हो तुम्ही," चिकट्या म्हणाला. त्याचा आवाज अगदी खाली गेला होता. "त्यांना सांगितलंत याचं काही नाही. पण इतकी वर्षं मी तुमच्या डोळ्यांसमोर उघडा उभा होतो आणि तुम्ही नुसते बघत होतात."

मास्तर दुसऱ्या बुटाची नाडी सोडू लागले. ती आधीच सुटलेली होती.

पुढच्या मोसमात साहेबांनी शब्द पाळला, म्हणजे गोल दुसऱ्याला दिला. चिकट्या पुन्हा बाकावर आला आणि मी पुन्हा बॅगेत. ताई एकदा म्हणाली, "टॉवेलला वास येतोय रे, आण धुऊन देते." तो म्हणाला, "असू दे." पूर्वी माझ्या शिलाईचा दोरा जरी निघाला तरी तिच्याकडे धावत जाणारा माणूस!

मोसमाच्या अखेरीस नव्या गोलकीपरचा खांदा दुखावला आणि चिकट्याला उभं केलं. समोर पुन्हा मास्तरांचाच संघ. शेवटच्या मिनिटांत त्यांना पेनल्टी मिळाली. मारायला आला तोच लांब केसांचा.

चिकट्या माझ्याकडे आला. त्याने उजवा हात पुसला, मग डावा. हळूहळू, नीट दिसेल असा. पण मला हात ओळखता येतात हो. त्या डाव्या हातात जीवच नव्हता. सगळा ताण उजव्या खांद्यात दबा धरून बसला होता. तो वळला, उजवीकडे झेपावला, आणि बॉल छातीशी धरूनच खाली पडला.

मैदान वेडं झालं. सगळे त्याच्या अंगावर पडले. मी तसाच लटकून होतो. इतक्या वर्षांत तो माझ्याशी पहिल्यांदाच खोटं बोलला होता. त्याला बोलावं लागलं, हे मला कळतं. कळलं म्हणून दुखायचं थांबत नाही.

सामना संपल्यावर मास्तर टाळ्या वाजवत पुढे आले. त्यांचे डोळे पुन्हा भरले होते. "शाब्बास रे माझ्या चिकट्या!" त्यांनी हात पुढे केला.

चिकट्याने हात दिला नाही. जाळीवरून मला ओढलं, तेव्हा अडकवणाची नाडी अर्धी उसवली. मला त्यांच्या त्या वाकड्या बोटांत कोंबून तो म्हणाला, "हा तुमच्याच कामाचा होता. ठेवा."

आणि तो गेला. मागे वळून बघितलंसुद्धा नाही. त्याच मोसमात त्याने खेळणं सोडलं, असं मी खोलीतल्या बोलण्यातून ऐकलं. मित्रांनो, मास्तरांनी त्याला फसवलं, हे खरं. पण मी त्याचं काय वाईट केलं होतं? त्याच्या हातांचं खरं मला माहीत होतं, आणि ते मी कुणालाही सांगितलं नव्हतं. राग ज्याचा त्याला देता आला नाही की माणूस हाताशी असेल त्याला देतो. मी हाताशी होतो.

तेव्हापासून मी मास्तरांकडे आहे. त्यांनी मला धुतलं नाही, टाकलंही नाही. फळ्यावर खडूने बाण काढून खेळ समजावतात, आणि ते बाण पुसायला मला घेतात. घेताना माझ्याकडे बघत नाहीत.

परवाची गोष्ट. क्लबात एक नवा गोलकीपर आलाय. सराव संपवून तो फळ्यापाशी पाणी पीत उभा होता. मास्तर मला घेऊन फळा पुसत होते. पुसता पुसता त्यांचा हात थांबला.

"अरे, इकडे ये," ते म्हणाले. "झेप घ्यायच्या आधी तू त्या बाजूच्या पायाचा अंगठा जमिनीत रुतवतोस. लांबून दिसतं."

"काय सांगता!" तो आपल्या बुटाकडे बघून हसला. "बरं झालं सांगितलंत. उद्यापासून दोन्ही रुतवतो."

पाण्याची बाटली उचलून तो शीळ घालत निघून गेला. बिचकला नाही, काही नाही.

मास्तरांनी फळ्यावरचा बाण अर्धवट पुसलेलाच सोडला. मला त्यांनी मुठीत इतकं आवळलं होतं, की ओला असतो तर थेंब गळले असते. इतकं सोपं होतं ते, मित्रांनो. एक हात पुसायला लागतो, त्याहूनही कमी वेळ लागला.

म्हणून तुम्हाला एवढंच सांगतो. आपल्या माणसाची एखादी खोड दिसली, तर ती गाठीला बांधून ठेवू नका. आधी त्याला सांगा. तो बिचकेल की हसेल, ते त्याचं त्याला ठरवू द्या. आणि कधी तुम्हालाच कुणी फसवलं, तर घरी जाऊन एखाद्या गरीब टॉवेलवर राग काढू नका. त्याला धुवा, झटका, उन्हात टाका. त्याला तुमचे हात माहीत असतात.